लीलाचा चेहरा

गिरगाव, मुंबई ४
२१ जून १९५९

ती. स्व. भाऊजींस,
शकूचा शिरसाष्टांग नमस्कार.

तुमचं पत्र परवा पोचलं. इथे सगळे बरे आहेत. आईचे गुडघे जिना चढताना दुखतात. तात्यांचा खोकला कमी आहे, समितीच्या सभा जास्त आहेत. काल परळ, परवा दादर. मुंबईसह महाराष्ट्र मिळाल्याशिवाय पायातली चप्पल काढायची नाही असं त्यांनी ठरवलेलं दिसतंय. माझी शाळा सुरू झाली. यंदा दहावीचं विज्ञान माझ्याकडे आलंय. रोज ट्रामने परळला जाते, येते. नवीन काही नाही.

बेबी छान आहे. दुधात नानकटाई बुडवून खाते. भात मात्र डाव्या हाताने. आई तिचा उजवा हात धरून घास भरवायला लावते आणि आईची पाठ वळली की पुन्हा डावा सुरू. चौपाटीवरची वाळू तिला पसंत नाही, 'आमच्या वेंगुर्ल्याची बरी' म्हणते. झोपताना तुमचं नाव काढते. ती मला काय म्हणते, असं तुम्ही विचारलंत. ते पुढे कधीतरी लिहीन.

आता ज्यासाठी लिहायला बसले ते. तुम्ही माझ्याबरोबरच तात्यांनाही लिहिलंत. तात्यांनी ते पत्र दार लावून आईला वाचून दाखवलं. आमच्या चाळीत दार लावलं की शेजारपाजार आपणहून गप्प होतो, त्यामुळे मलाच काय, पलीकडच्या कालिंदीकाकूंनाही मजकूर समजला. जेवताना तात्या म्हणाले, "कमलाकांतसारखा मुलगा दिवा घेऊन शोधला तरी मिळायचा नाही. शिवाय पोरीला आई मिळते. सावत्र नव्हे. अगदी तीच."

आईने मला आमटी वाढली आणि वाढताना अशी बघत राहिली, की जणू मीच लीला आहे आणि इतके महिने कुठे होते ते सांगत नाहीये.

तुम्ही लिहिलंय, 'हापूसची फांदी कुठेही नेऊन बांधली तरी हापूसच येतो. लीला आणि शकू एकाच फांदीच्या.' भाऊजी, तुम्ही कलमांच्या बागेत वाढलात, मी वनस्पतिशास्त्र घेऊन बी.एस्सी. झाले. तेव्हा या भाषेत तुम्ही मला लिहायला नको होतं. मला ती कळते.

तुमच्या लग्नानंतर आम्ही पहिल्यांदा वेंगुर्ल्याला आलो तेव्हा तुम्हीच बाग हिंडून दाखवलीत. मडक्यातलं साध्या रायवळ आंब्याचं रोप हापूसच्या फांदीला भिडवलेलं, दोघांची साल तासून एकाला एक लावलेली, वर केळीच्या सोपटाची गुंडाळी. तुम्ही म्हणालात, सांधा जुळला की हापूसची फांदी मूळ झाडापासून तोडायची आणि रायवळची शेंडी छाटून टाकायची. लीलाने विचारलं, "मग खालच्या रोपाचं काय?" तुम्ही हसलात. "त्याचं काय? ते मुळं पुरवतं."

तुमच्या पत्रात मी हापूस नाही, भाऊजी. मी ते मडक्यातलं रोप आहे. माझी शेंडी छाटायची आणि वर लीला बांधायची.

आम्ही एका बीजाच्या दोघी, हे मला कोणी सांगायला नको. आईच्या पोटात एकच गर्भ होता, तो दुभंगला आणि दोन झाले. विज्ञानाच्या दृष्टीने आमच्यात फरक शोधणं कठीण. पण तिला सुके बोंबील भाजायचा वास आला की भूक लागायची आणि मी गॅलरीत पळायचे. ती जेवताना गुणगुणायची. तिला लिफ्टची भीती वाटे, कावळ्यांची नाही, माझं उलट. आणि तिला 'नाही' म्हणता येत नसे. दुकानदाराला नाही, पाहुण्यांना नाही, कोणालाच नाही. मला येतं. दोन माणसांत याहून मोठा फरक काय असायचा?

तर माझं उत्तर नाही असं आहे. रागावू नका असं मी म्हणणार नाही, रागावणं तुमच्या हातात आहे. बेबीला हवं तितकं इथे राहू द्या. तिच्यासाठी माझ्याकडून काही कमी पडणार नाही.

आपली,
शकू

—

गिरगाव, मुंबई ४
१६ ऑगस्ट १९५९

भाऊजींस सविनय नमस्कार.

तुमची दोन्ही पत्रं मिळाली. दुसऱ्या पत्रात 'निदान बेबीसाठी' हे शब्द इतक्या वेळा आलेत, की ते वाचून तात्यांनी माझ्याशी बोलणंच सोडलं. पाणी हवं असलं की आईला सांगतात, "तिला सांग, पाणी दे." मी समोर उभी असते. बाहेर सगळ्या मराठी माणसांना एक करायला निघालेला हा माणूस घरात दोन माणसांशी धड बोलत नाही. हसू येतं, मग हसू येईनासं होतं.

बेबीला ताप येऊन गेला, घाबरण्यासारखं काही नव्हतं. डॉक्टरांनी पातळ औषध दिलं, ते तिने माझ्या पदरावर ओकलं. आता ठीक आहे.

ती मला काय म्हणते ते लिहायचं टाळत होते. आई म्हणते. फेब्रुवारीत तुम्ही तिला इथे सोडून गेलात, त्या आठवड्यातच. मी शाळेतून आले, चपला काढत होते, ती आतून धावत आली आणि पायांना मिठी मारून म्हणाली, "आई, तू कुठे गेली होतीस?" मी तिला उचललं आणि म्हणाले, "शाळेत." दुसरं काय सांगणार होते? आईने पदर डोळ्याला लावला. कालिंदीकाकू दारातून म्हणाल्या, "बघा, देवाने एक नेली आणि एक आधीच ठेवली." तेव्हापासून मी रोज तिला सांगते, 'मी शकूमावशी.' ती मान डोलावते आणि दोन मिनिटांनी आई म्हणते. कधी कधी सांगायचं राहून जातं. कधी कधी मी मुद्दाम राहू देते. झालं, लिहिलं.

पण यावरून तुम्ही काही ताडू नका. साडेतीन वर्षांच्या पोरीला चेहरा कळतो. तुमचं वय पस्तीस आहे.

शाळेतही माझी डोकेफोड चाललीय. दहावीच्या पुस्तकात प्रजननाचा धडा आहे. आधी अलैंगिक: अमीबा मधोमध चिरत जातो आणि एकाचे दोन होतात, हायड्राच्या अंगाला कोंब फुटतो, बटाट्याच्या डोळ्यातून रोप येतं, पानफुटीचं पान मातीवर टाकलं तर त्याच्या कडेला इवली इवली रोपं उभी राहतात. पुढे लैंगिक: फूल, पराग, मग बेडूक, आणि शेवटी सस्तन प्राण्यांबद्दल दीड पान. आमच्या मोठ्या बाईंनी मला बोलावून सांगितलं, "शकुंतलाबाई, फुलापर्यंत जा. पुढची पानं मुली घरी वाचतील."

म्हटलं, "परीक्षेत आलं तर?"

"नाही येत. आणि तो शब्द फळ्यावर लिहू नका. पहिला प्रकार आणि दुसरा प्रकार म्हणा."

मी पहिला प्रकार आणि दुसरा प्रकार म्हणू लागले. मुली वहीत तेच लिहितात आणि खाली मान घालून हसतात. म्हणजे सगळं त्यांना कळतं आणि नीट काहीच कळत नाही.

परवा मी हायड्रा काढला. आईच्या अंगावरच कोंब येतो, वाढतो, सुटा होतो, आई होती तशीच राहते, असं सांगत होते. मालन नावाची एक मुलगी आहे, लालबागची, वडील गिरणीत. कधी बोलत नाही. ती उठून उभी राहिली.

"बाई, हायड्राची आई मरत नाही?"

"नाही."

"कोंब आडवा आला तरी?"

वर्ग हसला. ती हसली नाही. म्हणाली, "आमच्या शेजारची मेली, बाई. मूल आडवं होतं. आणि माझी आई आता दिवसांत आहे. म्हणून विचारलं."

माझ्या हातात खडू होता. मी म्हणाले, "पुढच्या तासाला सांगते." पुढच्या तासाचं पान म्हणजे तेच दीड पान. तो तास मी पानफुटीवर घालवला. मालन पूर्ण तासभर माझ्याकडे बघत होती.

घरी येऊन लीलाची फार आठवण झाली. गेल्या गणपतीत ती आली होती, पाचवा महिना होता. गॅलरीत आम्ही दोघी बसलो होतो आणि तिने मला काही सांगितलं. ते असो. ते तुम्हाला लिहून आता काय होणार आहे?

दिवाळीत तुम्ही तुमच्या आईंना घेऊन येणार असं तात्यांना लिहिलेल्या पत्रात आहे. या. बेबीला आनंद होईल. माझं उत्तर बदललेलं नाही, हे मात्र समजून या.

शकू

—

गिरगाव, मुंबई ४
२२ नोव्हेंबर १९५९

श्री. कमलाकांत यांस,

नमस्कार. बेबी बरी आहे. तुम्ही आणलेला लाकडी हत्ती उशाशी घेऊन झोपते.

वर नाव लिहिलं, नातं लिहिलं नाही, ते चुकून नाही. दिवाळीतल्या त्या दुपारी गॅलरीत तुमच्याशी जे बोलले, ते भाऊजी म्हणून बोलणं मला जमलं नसतं. तुम्ही जेवलाही नाहीत आणि आईंना घेऊन सामानासकट दादरच्या नातेवाइकांकडे निघून गेलात. आता आमच्या घरातलं मत असं, की मी तुमचा अपमान केला. तात्या म्हणाले, "जावई रडत गेला दारातून." हे ते आईला म्हणाले. मी समोर होते.

म्हणून काय झालं ते एकदा सगळं लिहिते. त्यातलं अर्धं तुम्ही पाहिलेलं नाही.

तुम्ही तात्यांबरोबर बाजारात गेला होता. तुमच्या आईंनी मला जवळ बसवलं, गालावरून हात फिरवला आणि मालवणीत म्हणाल्या, "माका माझी सून परत गावली." मी म्हणाले, "आनंदीबाई, मी शकू." त्यांना माझं बोलणं ऐकूच गेलं नाही. त्यांनी पिशवीतून लीलाची साडी काढली. डाळिंबी, बारीक काठाची, तिला तुम्ही पहिल्या दिवाळीला घेतलेली. म्हणाल्या, "एकदा नेस. पोराक जरा बरा वाटात. एकदाच." म्हातारीच्या डोळ्यांत पाणी होतं. आमची आईही म्हणाली, "नेस गं." दोघी आया समोर. मला 'नाही' म्हणता येतं असं मी मोठ्या तोऱ्यात तुम्हाला लिहिलं होतं. त्या वेळी म्हणता आलं नाही. नेसले.

साडीला तिचा वास होता. पेटीत राहूनही होता.

बेबी गॅलरीत कालिंदीकाकूंच्या नातीशी खेळत होती. तुमच्या आईंनी तिला हाक मारली, "ये गो, बघ कोण इला." ती आली. दारात थांबली. तिने माझ्याकडे पाहिलं, साडीकडे पाहिलं. मला वाटलं आता धावत येईल. रोज मला आई म्हणणारी ती पोर, कमलाकांत, पांढरीफटक पडली. पुढे आली, डाव्या हाताने पदर धरला आणि ओढायला लागली. "ही आईची आहे. काढ. तू का घातलीस? काढ."

आम्ही तिघी बायका तशाच उभ्या. ती ओढते आहे आणि ओरडते आहे, "काढ. आई आली की रागावेल."

तिला माहीत होतं. इतके महिने मला आई म्हणत होती आणि तिला पक्कं माहीत होतं, की मी ती नव्हे. चेहरा जवळ असला की बरं वाटायचं, म्हणून म्हणत असेल. आपण मोठ्यांनी त्यातून लग्न काढलं.

मी आत जाऊन साडी बदलली. तेवढ्यात तुम्ही आलात, हातात झेंडूची फुलं. मी तुम्हाला गॅलरीत बोलावलं आणि विचारलं, "बेबीच्या वेळी डॉक्टर काय म्हणाले होते?"

तुम्ही म्हणालात, "आता ते कशाला?"

"मला तुमच्या तोंडून ऐकायचंय."

तुम्ही कठड्याला धरून उभे होता. मग म्हणालात, "रक्त फार गेलं होतं. निदान चार वर्षं थांबा म्हणाले. आणि पुढचं बाळंतपण मुंबईला करा."

"मग?"

"दोन थांबलो. आईला नातू हवा होता, शकू. आणि मुंबईला पाठवायचं तर आई म्हणाली, पहिलं इथेच झालं ना सुखरूप."

"सुखरूप?"

तुम्ही झेंडूची फुलं दुसऱ्या हातात घेतलीत.

"आणि तुम्हाला? तुम्हाला काय हवं होतं?"

"मला लीला हवी होती," तुम्ही म्हणालात, आणि तुमचा आवाज फाटला. "अजून तीच हवी आहे. तू समोर आलीस की मला वाटतं…" फुलं तशीच कठड्यावर ठेवून तुम्ही आत गेलात.

आता जे गेल्या वर्षीच्या गणपतीपासून पोटात ठेवलंय ते ऐका. लीला त्या गॅलरीतच बसली होती. मला म्हणाली, "शकू, मला भीती वाटते. डॉक्टर थांबा म्हणाले होते." मी म्हणाले, भाऊजींना का नाही सांगितलंस? ती म्हणाली, "त्यांना माहीत आहे. ते चांगले आहेत गं. पण रात्री त्यांना नाही कसं म्हणू? आणि सकाळी सासूबाईंना तरी नाही कसं म्हणू?" मी तिला म्हणाले, इथेच राहा, बाळंतपण होईपर्यंत जाऊ नकोस. तात्यांनाही म्हणाले. तात्या म्हणाले, लग्न झालेली मुलगी, तिच्या घरच्यांचं मन मोडायचं नाही. गौरी-गणपती झाले आणि तुम्ही येऊन तिला घेऊन गेलात. त्या दिवशी ती नारळीभाताची पातेली घासून गेली, मी नको म्हणत असताना.

हे मी आधी का नाही लिहिलं? कारण तिने सांगितलं होतं, 'त्यांना बोलू नकोस, त्यांना वाईट वाटेल.' तुम्हाला वाईट वाटू नये म्हणून ती गप्प बसली आणि बाळंतपणात बाळासकट गेली. मग मी गप्प बसले, आणि तुम्ही मलाच मागायला आलात.

मी तुम्हाला खुनी म्हणत नाही. तुम्ही रडलात, ते खोटं नव्हतं हे मला कळतं. त्याचाच जास्त राग येतो. तुम्ही वाईट माणूस असता तर सोपं होतं.

कॉलेजच्या वाचनालयात मी अजून जाते. तिथे एका मासिकात वाचलं, की अमेरिकेत बेडकाच्या अंड्यातलं केंद्रक काढून त्या जागी वाढत्या गर्भाच्या पेशीतलं केंद्रक घातलं आणि त्यातून बेडकाची पिल्लं निघाली. नर नको, मीलन नको, जशीच्या तशी दुसरी प्रत. उद्या माणसांचीही काढतील. करोत. त्यातून लीला आली तरी ती तुमच्या हाताला धरून बाग हिंडलेली लीला नसेल. ती नवीन कोणी पोर असेल, तिला पुन्हा पहिल्यापासून घाबरायला आणि हसायला शिकावं लागेल. आणि एक विचारू? ती आली असती तर या खेपेला तुम्ही चार वर्षं थांबला असता का?

बेबीकडे बघा. ती कोणाचीच नक्कल नाही. लीलाचे डोळे, तुमच्या आईंचे कान, आणि डावा हात कोणाचा ते दोन्ही घरांत कोणालाच ठाऊक नाही. दोघांतून तिसरंच माणूस येतं, ते पुन्हा कधी होत नाही. लीला तुम्हाला एवढं देऊन गेलीय. ते सोडून तुम्ही मला बघत बसलात.

शकुंतला

—

गिरगाव, मुंबई ४
३ मे १९६०

श्री. कमलाकांत यांस,
नमस्कार.

तुमच्या धाकट्या भावाचं, रामदासचं, पत्र आलं. बेबी बोटीत सुखरूप होती, तिला बोट लागली नाही, हे वाचून जीव भांड्यात पडला. तुमच्या लग्नाची तारीखही त्यातच समजली. मुलगी सावंतवाडीची, नाव लक्ष्मी, वय एकवीस. तुम्ही स्वतः लिहिलं असतं तर बरं झालं असतं. नाही लिहिलंत. माझ्या गेल्या पत्रानंतर तुमच्याकडून मला एक ओळही आली नाही, तेव्हा ही अपेक्षा करणं माझंच चुकलं.

बेबीला पाठवताना मी भांडले. तुम्हाला माहीत नसेल तर माहीत असावं म्हणून लिहिते. तात्यांशी भांडले, रामदासशी भांडले, ओळखीच्या वकिलांकडेही जाऊन आले. ते म्हणाले, बाप असताना मावशीचा काय हक्क? खरंच काही नाही. मी तिचा फ्रॉक शिवला, केस विंचरले आणि भाऊच्या धक्क्यावर नेऊन रामदासच्या हातात दिली. बोटीवर चढताना ती मला म्हणाली, "शकूमावशी, तू रडू नको, मी तुला वाळू आणीन." मावशी म्हणाली. महिनाभर तसंच म्हणत होती. मीच शिकवलं होतं, तर आता तक्रार कोणाकडे करू?

घरात शांतता आहे. परवा महाराष्ट्र झाला. रस्त्यावर रोषणाई, चाळीत कंदील, तात्यांनी सगळ्या मजल्यांवर पेढे वाटले आणि त्या आनंदात माझ्याशीही बोलले. म्हणाले, "घे, पेढा घे. मुंबईसकट मिळालं." मी घेतला. त्यांच्या डोळ्यांत पाणी होतं, माझ्याही. कशाचं ते दोघांनीही एकमेकांना विचारलं नाही.

शाळेचं सांगते. मार्चमध्ये, परीक्षेच्या आधी, मी तो तास घेतला. दार लोटून घेतलं, फळ्यावर तो शब्द लिहिला आणि दीड पान शिकवलं. आणि पुस्तकात नव्हतं तेही शिकवलं. बीज कुठे असतं, गर्भ कसा वाढतो, बाई का दगावते, दोन बाळंतपणांत अंतर का हवं, डॉक्टरांना काय विचारायचं. पहिली पाच मिनिटं हसणं-खिदळणं झालं. नंतर एवढी शांतता, की खालच्या मजल्यावरचे पाढे ऐकू येत होते. तास संपल्यावर मालन जवळ आली. तिची आई आणि बाळ दोघं वाचली होती. म्हणाली, "बाई, मी हे आईला सांगू? तिला आठवं होईल नाहीतर."

एका मुलीच्या वडिलांनी चालकांकडे तक्रार केली. मोठ्या बाईंनी मला बोलावलं. त्या वाईट नाहीत, त्यांनी मला चहा दिला. म्हणाल्या, "शकुंतलाबाई, तुम्ही खरं शिकवलंत हे मला कळतं. पण मला शाळा चालवायचीय." जूनपासून माझ्याकडे सहावीचा भूगोल आणि शिवण दिलंय. दहावीचं विज्ञान एका नवीन मास्तरांकडे गेलं. ते फुलापर्यंत जाणार आहेत.

मी शांत झालेय असं समजू नका. रोज ट्राममध्ये बसल्यावर कोणाशी तरी भांडावंसं वाटतं. कोणाशी ते समजत नाही. तुमच्याशी, तात्यांशी, त्या वडिलांशी, का लीलाशीच, जी सगळ्यांना सांभाळून घेता घेता गेली.

पण हे पत्र भांडायला लिहिलेलं नाही. एक मागायला लिहिलंय, आणि हे मी तुम्हाला पहिल्यांदा आणि शेवटचंच मागते.

लक्ष्मीला डॉक्टरांकडे न्या. लग्नानंतर लगेच, दिवस जायच्या आधी. डॉक्टर जे सांगतील ते तिच्यासमोर सांगू द्या, तुमच्या आईंना नंतर समजलं तरी चालेल. मुंबईला यावं लागलं तर इथे आमच्याकडे उतरा. मी तिची सोय करीन, मनापासून करीन, यात मला कमीपणा नाही. आणि ती नाही म्हणाली तर ते ऐका. मोठ्याने म्हणणार नाही ती. एकवीस वर्षांची मुलगी, नवीन घर, नवी सासू, दुसऱ्या बाईची पोर. ती कसली मोठ्याने म्हणते? गप्प बसेल, भांडी घासत बसेल, जास्तच हसेल. तेव्हा समजून घ्या, की ती नाही म्हणतेय. तुम्ही झाडाची सुकती पालवी लांबून ओळखता. बायकोचं का नाही ओळखता येणार?

तिच्यात लीला शोधू नका. तिलाही कोणाच्या तरी जागी बांधलं जातंय असं वाटू देऊ नका.

आणि बेबी. ती लक्ष्मीला आई म्हणाली तर म्हणू दे, मला वाईट वाटणार नाही. वाटलं तरी ते माझं मी बघीन. मला विसरली तरी चालेल. पण ती मोठी होईल, तिला विचारावंसं वाटेल, तेव्हा तिची आई कशी होती ते तिला नीट सांगा. जेवताना गुणगुणायची, कावळ्यांना भ्यायची नाही, हे सांगा. आणि कशाने गेली, तेही सांगा. देवाची इच्छा होती असं सांगू नका. तेवढं खरं बोलायची हिंमत तुमच्यात आहे, हे मी त्या दिवशी गॅलरीत पाहिलंय. नाहीतर हे पत्र मी लिहिलंच नसतं.

लग्नाला मी येणार नाही. आई-तात्या येतील. लक्ष्मीला माझा आशीर्वाद सांगा.

लीलाची बहीण,
शकुंतला